शिंगाडा सँडविच, संक्रांतीपर्यंतच

साकोली, २६ ऑक्टोबर १९७९

एस.टी. स्टँडवरची कँटीन आजपासून आमच्या महिला मंडळाकडे आली. कायमची नाही. संक्रांतीपर्यंत चालवून दाखवा, मग पाहू, असं डेपोचे साहेब म्हणाले. नारळ शकुनबाईंनी फोडला, कारण त्या अध्यक्ष. त्यांची राईस मिल आहे, त्यामुळे शेगडीला कोंडाही त्यांच्याकडूनच फुकट येणार. रॉकेलचे हाल आहेत सध्या. कोंड्याची शेगडी ठासून भरली की सकाळपासून दुपारपर्यंत एकसारखी जळते.

आधी ही कँटीन बाबुलालकडे होती. त्याने रस्त्यापलीकडे हातगाडी लावली आहे. तिथून ओरडला, "डॉक्टरीणबाई, काई लागलं तर सांगजा बरं. साखर, पत्ती, गिऱ्हाइक."

मी डॉक्टरीण नाही. हे जनावरांचे डॉक्टर होते, आता निवृत्त आहेत आणि घरी बसून माझ्या भाजीची नाडी पाहतात. पण गावाने एकदा डॉक्टरीण म्हटलं की म्हटलं.

स्वयंपाकाला विमलाबाईला ठेवलं आहे. ती बौद्ध मोहल्ल्यात राहते. नवरा डेपोत गाड्या धुवायचा, तो वारला. तेव्हापासून ही रोवणी-कापणीच्या मजुरीवर आहे. तिच्या मोहल्ल्यातल्या कार्यक्रमात तिच्या हातचं भरीत खाल्लं होतं, ते विसरता येत नाही. मला म्हणाली, "चिखलात वाकून वाकून पाठ गेली, बाई. एक डाव छपराखाली सरळ उभं राहून काम करून पाहू द्या मले. संक्रांतीनंतर पुन्हा वाकाचं असन तं वाकीन."

शकुनबाईंनी विचारलं, "दुसरी कोणी भेटली नाही का?" मी म्हटलं, हिच्याहून चांगला हात साकोलीत नाही. त्या "बरं" म्हणाल्या, पण ते बरं जरा लांबलं. दगदगीने थकल्या असतील.

२९ ऑक्टोबर

आमचा आलूबोंडा आणि बाबुलालचा आलूबोंडा यांत त्याचा सरस आहे. हे मी इथेच लिहू शकते, मंडळात नाही.

दुपारी सानगडीच्या गाडीतून गोमाजी उतरला, डोक्यावर शिंगाड्याचं पोतं. तलावातला ताजा माल, सालीवर अजून चिखल. "बाई, उकडून विका," म्हणाला. विमलाबाईने तिथेच घाणभर उकडले. तो वास आला आणि मला एकदम नागपूरचं बोर्डिंग आठवलं. वास्तविक तिथे शिंगाडा कधी पाहिला नाही. पण शनिवारी दुपारी सिस्टर बर्नाडेट ताटात सँडविच मांडायच्या, काकडी आणि लोणी, कडा कापलेल्या, त्रिकोणी. मी डोंगरीच्या खाणीतल्या कारकुनाची मुलगी. खाणीच्या मॅनेजरच्या मडमेने हट्ट धरला म्हणून कॉन्व्हेंटात गेले. तो पहिला त्रिकोण मी किती वेळ नुसता हातात धरून बसले होते. पांढरा, मऊ, आत हिरवं. पांढरा सोललेला शिंगाडा हातात घेतला आणि तेच आठवलं.

शिंगाड्याचं सँडविच. बाबुलालला ते जमणार नाही. नागपुरालाही मिळत नसेल. शिंगाडा तलावात आहे तोवरच मिळेल, नंतर नाही. इतके दिवस कुणाला कसं सुचलं नाही?

३१ ऑक्टोबर

दोन दिवस आमचं भांडण चाललं होतं, विमलाबाईचं आणि माझं. शिंगाडा ठेचला की भुगा होतो, पावाच्या बाहेर सांडतो. मी लोणी घालून पाहिलं. गुळगुळीत झालं, चव काही नाही. ती म्हणाली, "हे लहान पोराले भरवाले ठीक हाय." तिने जवस भाजून, कुटून त्यात मिसळला. जवसाने शिंगाडा धरून ठेवला. मग हिरवी मिरची, सांबार म्हणजे आपली कोथिंबीर, मीठ, लिंबू. मग लसूण. मी म्हटलं, लसूण थोडा कमी. ती म्हणाली, "लसूण कमी करून राहिल्या का मले कमी करून राहिल्या?" लसूण राहिला. मी कडा कापायला लागले तेव्हा तिने सुरीच काढून घेतली. "चांगला भाजलेला भाग कायले फेकता?"

तव्यावर दोन्ही बाजूंनी खरपूस केलं. ह्यांनी पहिलं खाल्लं, दुसरं मागितलं, तिसऱ्याला म्हणाले, "तपासणी पूर्ण व्हायला अजून एक लागेल."

पाव रोज भंडाऱ्याहून पहिल्या गाडीने येईल. कंडक्टरशी बोलले आहे.

२ नोव्हेंबर

फळ्यावर मी स्वतः खडूने लिहिलं: शिंगाडा सँडविच, फक्त संक्रांतीपर्यंत.

गर्दी जमली, वाचलं, गेली. पलीकडून बाबुलालने वाचून दाखवलं आणि म्हणाला, "म्हणजे पहा, डबलरोटी आजाऱ्याची. शिंगाडा उपासाचा. वर-खाली आजारी अन् मधात उपाशी. आमी चांगल्या माणसानं का खावं, बाई?"

सगळे हसले. मीही हसले, वाक्य चांगलं होतं. खरंच, इथे डबलरोटी दवाखान्यातच नेतात. कुणाच्या हातात पुडा दिसला की लोक विचारतात, कोण भरती आहे?

भैयाजी गुरुजी आले. ते शाळेला जाताना रोज स्टँडवर वर्तमानपत्र वाचतात. मी प्लेट पुढे केली. त्यांनी आत पाहिलं. विमलाबाई तव्यावर वाकली होती. म्हणाले, "आज नाही बाई, आज शुक्रवार. माझा उपास राहते."

८ नोव्हेंबर

भैयाजी गुरुजींचा सोमवारीही उपास होता. मंगळवारी गणपतीचा, आज गुरुवार म्हणून. टपाल कचेरीतल्या बाबूंना चतुर्थी आहे. कापडवाल्यांच्या सुनेचं काही व्रत आहे, त्यात पाव चालत नाही. तहसीलमधल्या एकाला पित्त आहे.

साकोली इतकी धार्मिक आहे, हे मला इतकी वर्षं इथे राहून कळलं नव्हतं. ज्याच्या त्याच्या घरी उपास. मी विमलाबाईला म्हटलं, आपण वारच चुकीचे धरतो आहोत बहुतेक. तिने तव्यावरून मान वर केली नाही. "हाव बाई. वारच चुकते आपला."

१६ नोव्हेंबर

एक गोष्ट लक्षात आली. रायपूरकडच्या गाड्या थांबतात तेव्हा सँडविच चटकन जातं. ड्रायव्हर लोक तर दोन-दोन बांधून नेतात. एकाने विचारलं, "माताजी, ये लौटते में भी मिलेगा ना?" म्हणजे चव उत्तम आहे, यात शंका नाही. परगावचे खातात आणि गावातले तेवढे खात नाहीत. छत्तीसगडकडे उपास कमी पाळत असावेत.

पण परगावच्या दोन गाड्यांवर कँटीन चालत नाही. चहासुद्धा लोक पलीकडे पितात आता. उरलेलं विमलाबाई घरी नेते. तिच्या मोहल्ल्यातली पोट्टी रस्त्यावर माझी वाट अडवून विचारतात, "बाई, आज उरन का?" उरावं असं त्यांना वाटतं आणि उरू नये असं मला, त्यामुळे उत्तर देणं अवघड जातं.

२५ नोव्हेंबर

शकुनबाई म्हणाल्या, "विमलाबाईले मागं भांडे घासाले ठेवू. समोर बायजाबाईले उभं करू." मी म्हटलं, मंडळातल्या बायजाबाईच्या हातून चहासुद्धा उतू जातो, तवा कशी सांभाळणार? त्या माझ्याकडे पाहत राहिल्या. "डॉक्टरीणबाई, तुमी कॉन्व्हेंटमध्ये शिकल्या ते एक बरं झालं," म्हणाल्या. मला ते कौतुक वाटलं होतं. आता लिहिताना तसं वाटत नाही, पण काय वाटतं तेही नीट सांगता येत नाही.

६ डिसेंबर

आज विमलाबाई सुट्टीवर. बाबासाहेबांचा दिवस, सारा मोहल्ला पांढऱ्या कपड्यांत सभेला गेला. तवा मी सांभाळला, बायजाबाईने प्लेटा दिल्या. सारण विमलाबाईने कालच करून ठेवलं होतं.

आणि आज, काय सांगू, दुपारच्या आत सगळं संपलं. टपालवाले बाबू आले, कापडवाल्यांची सून आली, पित्तवाल्याने दोन खाल्ली. भैयाजी गुरुजींनी एक खाऊन बोटं पुसली आणि "उत्तम" म्हणाले. गुरुवार होता, पण मी आठवण दिली नाही. शेवटी पावच उरला नाही. बाबुलाल आपल्या गाडीमागून टाचा उंचावून पाहत होता.

इतक्या दिवसांत पहिल्यांदा असं झालं आणि बिचारी विमलाबाईच नेमकी नव्हती पाहायला. उद्या सांगेन तेव्हा किती हरखेल.

७ डिसेंबर

हरखली नाही.

मी पातेलं उतरवता उतरवता सगळं सांगितलं, कोण आलं, कोण काय म्हणालं. ती ऐकत होती. मग हसली. पण ते हसू चांगलं नव्हतं.

"बाई, सारण कोणाच्या हातचं होतं?"

"तुझ्याच."

"त्याहीले मालूम होतं?"

"कुणी विचारलं नाही."

"मी समोर असतो तं विचारा लागत नाही ना." शिंगाडे सोलताना तिची बोटं थांबली नाहीत. "हे उपास पोटाचे नोहेत, बाई. माह्या हाताचे हायेत. पहिल्याच दिवशी समजलं होतं मले. तुमाले सांगू तं तुमचं तोंड इतकं खुशीत राहे."

मी स्टुलावर बसले. मागचे सगळे वार माझ्यासमोरून गेले. सोमवार, गणपतीचा, चतुर्थी, पित्त. वाचता येणारी बाई आणि एवढं मोठं अक्षर दिसलं नाही.

घरी येऊन जेवले नाही. आठवत राहिलं ते असं. कॉन्व्हेंटातून पहिल्या सुट्टीला डोंगरीला आले, तेव्हा आत्याने मला अंगणातच उभं केलं. तिथे पाव खाल्लास ना, त्यांच्या हातचा? डोक्यावरून बादली ओतली, वेणी, फ्रॉक, बूट, सगळं भिजलं, मग घरात घेतलं. शेजारीण कुंपणाशी येऊन पाहायला लागली, तर आत्या तिला म्हणाली, पोरीला ऊन लागलं प्रवासात, म्हणून न्हाऊ घातलं. मी थंडीने कुडकुडत होते. ते खोटं मला बादलीपेक्षा जास्त लागलं होतं, आणि तरी मी ते विसरून गेले होते.

ह्यांना सांगितलं. ह्यांनी आपले दोन्ही हात उलटसुलट करून पाहिले. मग म्हणाले, "मी तीस वर्षं अडलेल्या म्हशींच्या पोटात कोपरापर्यंत हात घातले. त्याच हाताने लोकांनी मला पंगतीत बसवलं, आग्रह केला. हात कशाने विटाळतो ते मला काही कळलेलं नाही."

९ डिसेंबर

शेगडी आणि तवा पुढे आणला, अगदी दर्शनी. विमलाबाईला विचारूनच. ती म्हणाली, "गिऱ्हाइक पुरं जाईन, बाई." मी म्हटलं, जाऊ दे. मग ती म्हणाली, "संक्रांतीनं तुमी घरी जासान. मी चिखलात जाईन. हे समजून बोलून राहिल्या ना?" मी तव्याकडे पाहिलं. तिनेच तव्याचा कान धरला आणि म्हणाली, "उचला तिकडून."

उघडताच पहिलं सँडविच मी उभ्याने खाल्लं, दुसरं ह्यांनी. रोज असंच करायचं ठरवलं आहे. हे स्टँडच्या मधोमध उभं राहून इतकं सावकाश चघळतात की वाटावं रवंथ करताहेत. आज गावातलं एकही गिऱ्हाईक आलं नाही.

१५ डिसेंबर

शकुनबाई घरी आल्या. चहा घेतला नाही. "मंडळ बुडवता का तुमी? तिले मागं बसवा. कामावरून काढा थोडीच म्हणून राहिली मी? पोट भरन तिचं, मंडळ चालन, गावाचं मन राहीन."

मी म्हटलं, "सारण तिचंच खातील ना?"

"आतमध्ये कोणी पाहाले जात नाही."

"तेच तर."

त्या उठल्या. "मंग कोंडा बाजारातून आणा."

दाराशी त्यांनी चपला उलट्या घातल्या, मग काढून बदलल्या. बाईचं वय माझ्याएवढंच. तिला कसली भीती आहे, कोण तिला काय म्हणत असेल, ते मी विचारलं नाही. रागात होते.

२३ डिसेंबर

आज बोलून टाकलं ह्यांच्याशी, की मी चुकले असेन. माझं काय जातं? तत्त्व माझं आणि पाठ विमलाबाईची. संक्रांतीला डेपोचे साहेब रिकामी बाकडी पाहतील आणि चाव्या बाबुलालला देतील. हे म्हणाले, "तिला विचार." विचारलं. ती म्हणाली, "मागं बसाचं असतं तं शेतातच बरं. तिथं तोंड तं उघडं राहते."

कोंडा भैसाऱ्यांच्या मिलमधून विकत आणतो आहे. ओला निघतो, धूर होतो. डोळ्यांतून पाणी येतं ते सगळं धुराचंच आहे असं समजायचं.

३१ डिसेंबर

तहसीलमधून बाबू आले होते. लोकसभेच्या मतदानाच्या आदल्या दिवशी सकाळी निवडणूक पथकांना इथून ट्रकने रवाना करणार. कुणाला जंगलातल्या गावी जायचं, कुणाला नदीपलीकडे. बांधून देता येईल, टिकेल, सांडणार नाही, असं काही पाहिजे. बाबुलालकडे पुरी-भाजीचं बोलणं झालं होतं, पण त्याच्याकडे रॉकेल नाही आणि मिळायची आशाही नाही. रायपूरच्या एका ड्रायव्हरने बाबूंना सांगितलं, स्टँडवरचं सँडविच बांधून न्या, रात्रीपर्यंत मऊ राहतं.

मी म्हटलं, "विमलाबाई करणार, आणि सगळ्यांसमोर करणार. चालत असेल तर सांगा."

बाबूंनी चष्मा काढून पुसला. "मले पथकं वेळेवर काढाचे हायेत, बाई. कोणाच्या हातचं, हे आमच्या कामात येत नाही."

एवढ्याने झालं असं नाही. तहसील पैसे देईल. पण खाणारे तोंड वळवून उभे राहिले तर सगळ्या तालुक्यासमोर विमलाबाईची शोभा होईल. ही आमची शेवटची संधी आहे आणि तीच सगळ्यांत वाईट ठरू शकते. गोमाजीला निरोप धाडला. म्हणाला, तलावात शेवटचा तोडा उरला आहे, तो सगळा आणतो.

मतदानाचा आदला दिवस

हात दुखताहेत, पण लिहिल्याशिवाय झोप येणार नाही.

पहाटे शेगड्या भरायला घेतल्या आणि कोंडा पुन्हा ओला. पेटेना. तेवढ्यात मिलची बैलगाडी आली, कोरड्या कोंड्याच्या पोत्यांनी भरलेली, आणि वर पोत्यांवर शकुनबाई बसलेल्या, डोक्यावर शाल. उतरताना कुणी हात द्यायला गेलं तर नको म्हणाल्या. "मिल चालू हाय, कोंडा कुठी तं फेकाच लागते," एवढंच बोलल्या. मग इकडे तिकडे पाहिलं, पदर खोचला आणि विमलाबाईशेजारी बसून शिंगाडे सोलायला लागल्या. विमलाबाईने आपल्या बाजूची परात थोडी त्यांच्याकडे सरकवली.  ताज्या शिंगाड्याच्या सालीने बोटं काळी पडतात. तासाभरात आम्हा सगळ्यांचे हात सारखेच काळे झाले होते.

उजाडलं तशी पथकं यायला लागली. मास्तर, कारकून, शिपाई, पोलीस, कुणाच्या बगलेत मतपेटी, कुणाच्या खांद्यावर वळकटी. ट्रक उशिरा येणार होते. थंडी कडक. पलीकडे बाबुलालचा स्टोव्ह गार होता आणि तो हात काखेत घालून उभा होता. आमच्या तव्यावर जवस आणि लसूण तडतडत होता, आणि त्या वासाभोवती सगळे उभे होते, चार हात लांब. कुणी पुढे येईना. जो तो दुसऱ्याकडे पाहत होता. ओळखीची तोंडं होती सगळी: टपालवाले बाबू, पित्तवाला, आणि पुढे मफलर गुंडाळून भैयाजी गुरुजी.

 विमलाबाईने उलथनं खाली ठेवलं, कमरेवर हात ठेवले आणि मोठ्यानं म्हणाली, "पाहून घ्या. हे हात हायेत. मी विमला, बुद्धविहाराच्या मागं राहतो. मंग म्हणान, सांगतलं नाही."



एका तरुण मास्तराने विचारलं, "गुरुजी, आज कोणता उपास?" चेष्टाच होती ती. भैयाजी गुरुजींनी त्याच्याकडे पाहिलं नाही. त्यांच्या हातात एक छोटी बाटली होती, कापडात गुंडाळलेली. ती त्यांनी वर धरली.

"माझी ड्युटी शाईची हाय," ते म्हणाले, बहुतेक स्वतःशीच. "उद्या सारं गाव येईन. एकेकाचा हात धरून बोटाले शाई लावाची. कोणाचा धरू, कोणाचा सोडू?"

मग ते चार हात चालून आले आणि विमलाबाईच्या हातांकडे वाकून पाहिलं. काळी बोटं, नखांत काळं.

"तुमाले तं शाई लागून राहिली आधीच."

विमलाबाई म्हणाली, "लागली शाई, तं मत बी टाका, गुरुजी." आणि गरम सँडविच कागदात धरून पुढे केलं.

त्यांनी तिच्या हातातून घेतलं. कागद तिच्याही हातात होता, त्यांच्याही. क्षणभर दोघांनी धरला होता. मग ते खायला लागले. सगळं स्टँड एका म्हाताऱ्या मास्तराचं तोंड हलताना पाहत होतं. अर्धं खाऊन म्हणाले, "लसूण हाय यात."

"हाव."

"मंग मोडला उपास."

"कवाचा धरला होता?"

"दिवाळीपासून," गुरुजी म्हणाले, आणि दुसऱ्यासाठी हात पुढे केला.

कोण आधी हसलं कळलं नाही. बहुतेक शकुनबाई, त्यांचं हसू मिलच्या भोंग्यासारखं आहे. त्यानंतर जे झालं त्याला रांग म्हणता येत नाही. पोलिसाला मध्ये उभं करावं लागलं. पित्तवाला म्हणाला, मले दोन, एक आत्ताच्यासाठी. पाव कमी पडतो की काय अशी वेळ आली, तेवढ्यात भंडाऱ्याची गाडी आली आणि कंडक्टर पावाच्या टोपल्या डोक्यावर घेऊन स्वतः धावत आला. ट्रक लागले, पेट्या चढल्या, आणि मागे उभी असलेली माणसं दोन्ही हातांत सँडविच धरून जात होती, त्यामुळे कुणाला निरोपाचा हात हलवता येईना.

विमलाबाई दुपारी भिंतीला टेकून उभी होती. मी म्हटलं, बस जरा. म्हणाली, "नाही बाई. आज उभंच राहू द्या."

१४ जानेवारी १९८०

संक्रांत. डेपोचे साहेब आले तेव्हा बाकडी पाहायची सोयच नव्हती, त्यांना स्वतःला उभं राहावं लागलं. मतदानाहून परतलेल्या पथकांनी सँडविचची गोष्ट इतक्या गावांत नेली आहे की आंधळगावचे लोक मोहाडीहून गाडी बदलून येतात. साहेबांनी खाल्लं, कागद घडी करून खिशात ठेवला आणि म्हणाले कँटीन मंडळाकडेच राहील. शकुनबाईंनी मान डोलावली, जणू त्यांना सुरुवातीपासून ठाऊक होतं. मग त्यांनीच एक नवी पाटी आणवली, पेंटरकडून रंगवलेली. तीवर "विमलाबाईचं शिंगाडा सँडविच" लिहिलं आहे. मी काही बोलणार तेवढ्यात म्हणाल्या, "पेंटरनं अक्षर मोजून पैसे घेतले. जास्त बोलू नका."

विमलाबाईला वाचता येतं, मोहल्ल्याच्या रात्रीच्या वर्गात शिकली. तिने पाटी दोनदा वाचली. मग पदराने तिच्यावरची धूळ पुसली. नव्या पाटीवर धूळ कुठून असणार?

गोमाजी म्हणाला, तलाव संपला, वेल सडले, आता दिवाळीपर्यंत नाव काढू नका. शिंगाड्याची शेवटची टोपली संपत आली, तरी लोक उभेच. भैयाजी गुरुजी मला म्हणाले, "हे का झालं? सवय लावाची अन् बंद कराचं?" मला वाटलं, बोर्डिंगातही शनिवार आठवड्यातून एकच असायचा, म्हणून तर तो त्रिकोण अजून आठवतो.

शेवटची दोन उरली तेव्हा रस्ता ओलांडून बाबुलाल आला. खाली पाहत म्हणाला, "बाई, दोन द्या. घरी आजारी हाय."

मला फार वाईट वाटलं. आजारी माणसाला मिरची कमी हवी, म्हणून विमलाबाईला सांगत होते, तर ती मला डोळ्याने गप्प करत होती. तिने दोन्ही नीट बांधून दिली. उद्या बाबुलालच्या बायकोला भेटायला जायला हवं.

१५ जानेवारी

बाबुलालची बायको बाजारात भेटली. ठणठणीत आहे. तिलगूळ दिला तिने मला. घरी सगळे बरे आहेत म्हणाली, देवाच्या दयेने.

२ नोव्हेंबर १९८०

गोमाजी आज पहिलं पोतं घेऊन उतरला. स्टँडभर बातमी पसरायला चहा उकळण्याइतका वेळही लागला नाही. विमलाबाईने पाटी माळ्यावरून उतरवून लावली. भैयाजी गुरुजी वर्तमानपत्र न उघडताच रांगेत उभे राहिले, आज वार कोणता होता ते मी पाहिलंही नाही.

बाबुलाल तिसरा होता रांगेत. मी विचारलं, "घरी कोण आजारी आहे आता?"

"सारेच, बाई," तो म्हणाला. "यंदा चार द्या."